कथेतला जादूचा पदार्थ घडवताना: खानदेशातल्या नव्या लेखकांसाठी

फँटसी लिहायला बसलेल्या नव्या माणसाच्या वहीत पहिल्याच पानावर बहुधा एक दगड असतो. निळसर, चमकणारा, युगानुयुगे गुहेत दडलेला. तो हाती लागला की नायक उडू लागतो, आजारी माणसं बरी होतात, शत्रूची राख होते. मग पाचव्या पानावर कथा अडते. साहजिकच आहे. सगळं जमवून देणारा दगड खिशात असताना कुणाचं काय अडणार? आणि कुणाचं काही अडलंच नाही तर लिहायचं काय?

असा पदार्थ उलट्या क्रमाने घडवावा लागतो. आधी नड, मग जागा, मग नियम, किंमत आणि वाटप. चमत्कार सगळ्यात शेवटी. पुढे हा क्रम पायरी-पायरीने दिला आहे आणि सगळीकडे एकच उदाहरण चालवलं आहे: 'हिवगार' नावाचा दगड. हिवगार मी रचलेली आहे, ती कुठल्या लोककथेत शोधायला जाऊ नका. तिच्याभोवतीची नदी, माती, ऊन आणि सण मात्र खानदेशातले, आहेत तसेच घेतले आहेत.

पायरी पहिली: आधी नड शोधा

पदार्थ काय करू शकतो हे बाजूला ठेवा. तुमच्या मुलखातल्या माणसाला कशाची नड आहे ते लिहा. खानदेशासाठी हा प्रश्न सोपा आहे. मे महिन्यात जळगाव-भुसावळचा पारा 45 अंशांच्या पुढे जातो. दुपारी बारानंतर रस्त्यावर चिटपाखरू दिसत नाही. रावेर-यावलच्या केळीबागांत उष्ण वारा शिरू नये म्हणून कडेने शेवरी लावतात, तरी पानं फाटतात आणि भरलेले घड निसटतात. याच मुलखात डिसेंबर-जानेवारीच्या रात्री पारा एक आकडी होतो, तेव्हा त्याच केळीची वाढ थंडीने खुंटते आणि निसवण, म्हणजे घड बाहेर पडणं, अडते. म्हणजे हिवाळ्यात थंडी नकोशी असते आणि उन्हाळ्यात तिच्यासाठी जीव जातो.

नड ठरली. हिवाळ्यातली थंडी साठवून ठेवायची आणि उन्हाळ्यात काढायची. हिवगारीचं काम एवढंच. सोनं करून देणारा परीस इथे चालला असता, पण जळगावच्या सराफ बाजारात सोनं रोख मिळतं, त्यासाठी जादू कशाला लागते?

नवे लेखक इथे एक गोष्ट हमखास करतात. बर्फाचे डोंगर, पाइनची जंगलं आणि सरायांत शेकोटीभोवती बसलेले प्रवासी उसने आणतात. ज्याने हिमवर्षाव पाहिलेला नाही त्याने हिमवर्षाव लिहू नये असं मी म्हणणार नाही. पण ज्याने वैशाखात पत्र्याच्या घरात दुपार काढली आहे, त्याच्याकडे त्याहून जास्त ऐवज आहे आणि तो वापरायचा राहून जातो.

पायरी दुसरी: तो जमिनीतून कुठून निघतो

नकाशा काढा. खरा काढा, मग त्यावर कल्पना रंगवा.

खानदेशाच्या पोटात बहुतेक सगळीकडे काळा पाषाण आहे, लाव्हाच्या थरांनी बनलेला. या थरांत काही ठिकाणी बुडबुड्यांच्या पोकळ्या राहून गेल्या आणि पुढे त्यांत पांढरे, हिरवट, गुलाबीसर स्फटिक वाढले. विहीर खोदणारे अशा सच्छिद्र खडकाला मांजऱ्या म्हणतात. त्यात कधी मुठीएवढी, कधी माणूस आत वाकून पाहील एवढी पोकळी लागते आणि आत भिंतभर स्फटिक असतात. जळगाव जिल्ह्यातले अपोफिलाइट आणि स्टिलबाइट जगभरच्या खनिजसंग्रहांत जाऊन बसले आहेत. इथे मात्र विहिरीवर निघालेला असा दगड पोरं घरी नेतात नाहीतर तो बांधावर पडून राहतो.

आता यातली उपयोगाची गोष्ट बघा. स्टिलबाइट हे झिओलाइट गटातलं खनिज आहे. झिओलाइटच्या रचनेतच बारीक पोकळ्या असतात, त्यांत पाणी धरलेलं असतं. दगड तापवला की पाणी निघून जातं, आणि ओलाव्यात ठेवला की पुन्हा आत शिरतं. हे विज्ञान आहे, जादू नाही. तुम्ही इथून फक्त एक पाऊल पुढे टाका: पाण्याऐवजी उष्णता. खऱ्या दगडापासून एकच पाऊल दूर असलेली जादू वाचक मुकाट्याने मानतो. तीन पावलं दूर गेलात की तो पुरावा मागू लागतो.

तर हिवगार मांजऱ्यात सापडते, विहीर खोदताना, सुरुंग उडवल्यानंतर. दिसायला मिठाच्या खड्याएवढी, धुरकट पांढरी.

आता नकाशाकडे परत. तापीच्या दक्षिणेला जामनेर, पाचोरा, पारोळा या बाजूला पाषाण वरच आहे. उत्तरेला चोपडा, यावल, रावेरच्या पट्ट्यात नदीने आणलेल्या गाळाचे जाड थर आहेत. तिथल्या विहिरी गाळातच खोल जातात, मांजऱ्या लागतच नाही. म्हणजे केळीसाठी जिथे हिवगारीची सगळ्यात जास्त नड, तिथे ती निघतच नाही. आणि जिथे निघते तिथला कोरडवाहू कापूसवाला तिचं काय करणार? तो विकणार. मध्ये तापी आहे, तिच्यावर दर पावसाळ्यात पूर आहे. तुम्ही अजून एक पात्रही तयार केलेलं नाही आणि दलाल, उधारी, नावाडी आणि चोरवाटा आपोआप उभ्या राहिल्या.

गाळाचा पट्टा ओलांडून उत्तरेला गेलात की सातपुडा लागतो आणि तिथे पुन्हा काळा पाषाण. म्हणजे हिवगारीचा दुसरा धनी डोंगरात आहे. इथे सांभाळून लिहा. पावरा किंवा भिल्ल पात्र आलं की त्याच्या हाती मंतरलेलं हाड आणि तोंडी गूढ भविष्यवाणी द्यायची, ही आपल्याकडची फार जुनी खोड आहे. त्यापेक्षा मोहाची वेचणी कशी होते ते बघा. फाल्गुन-चैत्रात फुलं रात्री उशिरा आणि पहाटे गळतात. फुलं दिसावीत म्हणून झाडाखालचा पाचोळा आधी झाडून किंवा जाळून जागा साफ करतात. उजाडायच्या आत टोपल्या घेऊन बाया-पोरं झाडाखाली, मग ती फुलं अंगणात वाळत घालायची, मग बाजार. या कामात ज्ञान आहे, घाई आहे, भावाची घासाघीस आहे. तुमच्या डोंगरातली हिवगार वेचणारी बाई अशीच असू द्या. तिला दगड कुठे निघतो हे ठाऊक आहे आणि व्यापारी मापात किती मारतो हेही.

पायरी तिसरी: नियम

तीन पुरेत. एका दमात सांगता आले पाहिजेत.

हिवगार थंडी तयार करत नाही. हिवाळ्यात मोकळ्या आभाळाखाली रात्रभर ठेवली की तिच्यातली उष्णता निघून जाते आणि ती 'भरते'. उन्हाळ्यात ती भोवतालची उष्णता पीत राहते, पोट भरलं की 'उतरते', मग पुढच्या हिवाळ्यापर्यंत नुसता दगड.

आभाळ आलेल्या रात्री ती भरत नाही.

ती हवा आणि अंग यांत फरक करत नाही. हाताळणाऱ्याची ऊबही पिते.

दुसरा नियम मी निसर्गातून सरळ उचलला आहे. निरभ्र रात्री जमिनीची उष्णता आकाशात निघून जाते म्हणून गारठा पडतो, ढग असले की ती अडते आणि रात्र उबदार जाते. शेतकऱ्याला हे पुस्तकातून शिकावं लागत नाही. आता याचा कथेत काय उपयोग? पौष-माघात सलग आभाळ राहिलं, अवकाळीचं वातावरण झालं, तर त्या वर्षी मुलखातली सगळी हिवगार अर्धी रिकामी राहणार. भाव एप्रिलमध्ये चढणार, पण जाणकार माणूस जानेवारीतच आभाळाकडे बघून साठा करणार. एका ढगाळ आठवड्यातून अख्खी कादंबरी निघते. त्यासाठी काळा जादूगार लागत नाही.

नियम लिहून झाले की त्यांची परीक्षा घ्या. नायकाला विचारू नका, तो चांगलाच वागणार. तुमच्या गावातला सगळ्यात लबाड माणूस आठवा आणि हा दगड त्याच्या हाती द्या. तो काय करील? भरलेली हिवगार कडाक्याच्या रात्री भाऊबंदाच्या केळीत पुरून ठेवील, सकाळी बाग पिवळी पडलेली. उतरलेली हिवगार पाण्यात बुडवून गार करून भरलेली म्हणून विकील. दूध नासू नये म्हणून डेअरीवाला घेईल, ते ठीक, पण प्रेत दोन दिवस ठेवून अंगठा उठवून घेणारा चुलताही घेईल. अशा दहा लबाड्या लिहून काढा. त्यातल्या दोन-तीन नियमाला छेद देत असतील तर नियम कच्चा आहे, तो दुरुस्त करा. उरलेल्या लबाड्या कथेत ठेवा.

पायरी चौथी: किंमत

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या.

'वापरणाऱ्याचं आयुष्य दहा वर्षांनी घटतं' अशी किंमत नवखे लोक लावतात. ऐकायला जबर वाटते, पानावर दिसत काहीच नाही. आयुष्य घटलेला माणूस आज सकाळी कसा वेगळा वागतो? वागतच नाही. म्हणून किंमत अशी हवी की ती रोजच्या कामात, हातांत, स्वयंपाकघरात दिसावी.

हिवगार निवडणाऱ्या बायका आपण घेऊ. विहिरीवरून आलेला चुरा सुपात घेऊन त्या खडा खडा वेगळा करतात. पहिल्या वर्षी बोटांची टोकं बधिर होतात. बाई कळण्याची भाकरी थापते, तव्यावर टाकते, पाणी फिरवते, उलटते. सगळं नेहमीसारखं. फक्त तव्याच्या काठाला टेकलेलं बोट ती काढून घेत नाही. कातडी जळल्याचा वास नाकाला येतो तेव्हा तिला कळतं. घरातल्या पोरी तिच्या हाताकडे न बघता चुलीपाशी बसायला शिकतात. निवडणाऱ्या बाया गावात चटक्यांच्या डागांवरून ओळखू येतात आणि लग्नाच्या बैठकीत वरमाय मुलीचे हात उलटेपालटे करून बघते.

पुढच्या टप्प्यावर हातातली ऊबच जाते. तान्हं मूल तिच्या हाताला बिचकतं. आणि मग ती वेळ येते की मुलाच्या कपाळावर हात ठेवून ताप आहे की नाही, हे आईला सांगता येत नाही.

एवढंच. मृत्यू नाही, शाप नाही. पण हे वाचल्यावर हिवगारीचा खडा फुकट मिळत असला तरी घ्यावा की नाही, असा विचार वाचकाच्या मनात येतो. तो आला की किंमत बरोबर लागली असं समजा. एक पथ्य मात्र पाळा: किंमत कोण भरतं आणि गारवा कोण भोगतं, ही माणसं वेगळी ठेवा. व्यापारी चिमट्याने उचलतो. त्याच्या बोटांना काही होत नाही.

पायरी पाचवी: माप आणि वाटप

जादूच्या पदार्थाला वजन असतं, हे बरेच जण विसरतात. हिवगार गुंज, मासा, तोळ्यात मोजा: आठ गुंजांचा मासा, बारा माशांचा तोळा. एका तोळ्यात काय होतं ते ठरवून टाका. मी असं धरलंय की एका गुंजेत पाण्याचा माठ दिवसभर गार राहतो, एका तोळ्यात एक खोली दुपार काढते, आणि बागेला शेर लागतात. हे आकडे माझे, तुमचे वेगळे ठेवा. मात्र एकदा ठेवले की बदलू नका. तिसऱ्या प्रकरणात गुंजभर दगडाने वाडा गार केलात तर वाचक पकडतोच.

वाटपासाठी राजा आणि दरबार आणायची गरज नाही. पांझरेच्या काठची फड पद्धत अभ्यासा. नदीवर बंधारा, त्यातून काढलेला पाट आणि पाटाखालची जमीन फडांत वाटलेली. एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं. शेतकऱ्याची जमीन वेगवेगळ्या फडांत विखुरलेली असते, त्यामुळे पाणी कमी पडलं आणि एखादा फड सोडून द्यावा लागला तर तोटा एकट्यावर येत नाही, सगळ्यांत वाटला जातो. पाणी देणारा पाटकरी असतो, प्रत्येकाने आपापला दांड फोडायचा नाही. शेकडो वर्षं चाललेली ही व्यवस्था लोकांनी लोकांसाठी उभी केलेली आहे. धुळे जिल्ह्यात असाल तर एकदा जाऊन बघाच, कुठल्याही जादूच्या पुस्तकापेक्षा जास्त शिकाल.

आता पाण्याच्या जागी हिवगार ठेवा. गावाचा एक साठा, हिवाळ्यात पटांगणात पसरून भरायचा, राखणीला जागल्या. चैत्र लागला की वाटप. पहिला हक्क कुणाचा? बाळंतिणीचा, की केळीचा, की दुधाचा? कमी पडली तर सगळ्यांची कमी करायची, की शेवटच्या घराची बंद? आणि ज्या बायकांनी ती निवडली त्यांचा वाटा किती? या प्रश्नांची उत्तरं लिहिलीत की तुमच्या गावाचा स्वभाव ठरतो. गाव चांगलं की वाईट, हे वेगळं सांगावं लागत नाही.

पायरी सहावी: काळ

ही थोडक्यात. गोष्ट पूर्ण काल्पनिक काळात घडत असेल तर हे वगळा. पण खऱ्या काळाला चिकटवणार असाल तर नावं तपासा. फारुकी सुलतानांचं राज्य 1382 ते 1601, राजधानी पुढे बुऱ्हाणपूर, मोक्याचा किल्ला असीरगड. ही दोन्ही ठिकाणं आज मध्य प्रदेशात असली तरी तेव्हाचा खानदेश त्यांच्याशिवाय लिहिता येणार नाही. इंग्रजांचा अंमल 1818 पासून. 1906 पर्यंत खानदेश हा एकच जिल्हा होता, मग पूर्व आणि पश्चिम झाले. नंदुरबार जिल्हा 1998 चा. 1850 च्या कथेत 'जळगाव जिल्ह्याचे कलेक्टर' आले की जाणता वाचक तिथेच पुस्तक मिटतो.

केळीचा बाग, सुरुंग, डेअरी, रेल्वे हेही काळ बघून. मी हिवगारीची कथा रेल्वे आल्यानंतरची धरली आहे, कारण भुसावळ जंक्शनवरून माल बाहेर जाऊ लागला की गावचा साठा गावात राहत नाही.

पायरी सातवी: तोंडची भाषा

सगळ्या खानदेशाला एकच बोली लावू नका. धुळे, अमळनेर, पारोळा, चाळीसगाव इकडे अहिराणी. भुसावळ, यावल, रावेरकडे लेवा बोली, बहिणाबाईंच्या ओव्यांतून महाराष्ट्राला माहीत झालेली. डोंगरात पावरी, भिली. पारोळ्याचा दलाल रावेरच्या बागायतदाराशी बोलतो तेव्हा दोघं आपापल्या बोलीत बोलतात, एकमेकांना नीट समजतात आणि गरज पडली की न समजल्याचं सोंगही करतात. सौद्याच्या प्रसंगात हे वापरा.

पदार्थाला एकच नाव पुरत नाही. छापील कागदावर हिवगार, निवडणाऱ्या बायांच्या तोंडी नुसती 'गार', दलालांमध्ये 'माल', आणि उतरलेल्या दगडाला 'रांडव' म्हणणारा एखादा उद्धट माणूसही गावात असणारच. त्या शब्दावर आजूबाजूच्या बाया काय करतात, हेही लिहा.

निवेदन प्रमाण मराठीत ठेवा, संवाद बोलीत. आणि संवाद एखाद्या बोली बोलणाऱ्या माणसाला मोठ्याने वाचायला द्या. तो जिथे अडखळेल ते वाक्य कागदी आहे.

पायरी आठवी: पहिला प्रसंग

पदार्थाची ओळख माहिती देऊन करू नका. 'हिवगार हा एक प्राचीन दगड असून' या सुरुवातीने मारलेल्या कथा मोजायला बसलो तर आखाजी उजाडेल.

आखाजीच घेऊ. खानदेशात अक्षय्य तृतीयेला पितरांसाठी घागर भरतात. पाण्याने भरलेल्या घागरीवर डांगर (खरबूज), जोडीला सांजोऱ्या आणि आंब्याचा रस. सासुरवाशिणी माहेरी येतात, निंबाला झोके बांधतात, गौराईची गाणी होतात. सालदारांचं वर्ष याच सुमारास ठरतं. म्हणजे एकाच दिवसात ऊन आहे, थंड पाणी आहे, मेलेली माणसं आहेत, माहेर आहे आणि मजुरीचा करारही आहे. आणखी काय हवं? माझा पहिला प्रसंग असा:

'घागर भरून झाली तशी मायने पदराच्या गाठीतून खडा काढला. गुंजभरच, पण दर आखाजीला एक तरी ती ठेवायचीच. चिमट्याने घागरीत सोडला. घागरीच्या अंगावर दव धरलं आणि पोरं हात लावायला धावली. दारात बसलेली यमुना उठली नाही. मांडीवरचं पोर सकाळपासून किरकिरत होतं. माय म्हणाली, "पोऱ्याले ताप शे का वं? हात लाई देख." यमुनेने पोराच्या कपाळावर हात ठेवला, मग गळ्याखाली, मग पुन्हा कपाळावर. पोर दचकून रडायला लागलं. "माले समजत नही माय," ती म्हणाली, "तूच देख." मायने आधी तिचा हात ओढून घेतला आणि उलटा केला.'

इथे दगडाचा गुण घागरीवरच्या दवात आला, किंमत यमुनेच्या हातात आली आणि मायने चिमटा वापरला यावरून तिला सगळं ठाऊक आहे हेही आलं. नियम एकही सांगितलेला नाही. ढगाळ रात्रींची गोष्ट मी तिसऱ्या प्रकरणात काढीन, दलाल आभाळाकडे बघत असताना.

पायरी नववी: चमत्कार

आता हवा तर चमत्कार घ्या. एखादा मोठा प्रसंग, जिथे हिवगार आजवर कुणी केलं नाही ते करते. पूर आलेल्या तापीवर शेकडो शेर भरलेली हिवगार ओतून पाणी थिजवायचं आणि त्यावरून अख्खं गाव पलीकडे न्यायचं, असं काहीतरी मनात आहे माझ्या. पण तपासून बघा: पूर भाद्रपदात, आणि तोवर उन्हाळा पिऊन सगळी हिवगार उतरलेली. मग भरलेली एवढी आली कुठून? कुणीतरी उन्हाळाभर लोकांना तडफडत ठेवून ती जमिनीखाली दडवून ठेवली असणार. कुणी आणि का, याचं उत्तर शोधायला मी चौथ्या पायरीतल्या चिमटेवाल्या व्यापाऱ्याकडे परत गेलो. तुमचा चमत्कारही असाच मागच्या पायऱ्यांवर नेऊन आदळा. नियमात बसत नसेल तर नियमाला हात लावू नका, प्रसंग बदला.

पहिला मसुदा झाला की त्यातले 'अद्भुत', 'दिव्य', 'रहस्यमय', 'तेजस्वी' हे शब्द शोधून खोडा. प्रत्येक खोडलेल्या जागी दगडाचं वजन, भाव किंवा तो कुणाच्या हातात आहे, यातलं एक काहीतरी लिहा.